‘स्वसंवेद्य’ म्हणजे नक्की काय? पुस्तिकेत कुठला अर्थ छापायचा?

खाडीकाठचा:
आमच्या वाडीत (रत्नागिरी तालुका) श्रावणात ज्ञानेश्वरीचं पारायण असतं. यंदा मंडळाने ठरवलंय की गणेशवंदनाच्या पहिल्या 20 ओव्या शब्दार्थांसकट छापायच्या आणि गणपतीत घरोघर वाटायच्या, कारण मुंबई-पुण्याहून येणारी पोरं आरत्या आणि मंत्रपुष्पांजली खणखणीत म्हणतात, पण ज्ञानेश्वरीतला गणपती, म्हणजे ॐ मधला अकार पाय, उकार पोट आणि मकार मस्तक असा, त्यांना कुणी दाखवलेलाच नाही. शब्दार्थांचं काम माझ्याकडे आहे. सगळं उरकलं आणि गाडी पहिल्याच ओवीत अडलीय.

ॐ नमो जी आद्या । वेद प्रतिपाद्या ।
जय जय स्वसंवेद्या । आत्मरूपा ॥

मंडळातल्या एका ज्येष्ठांनी ‘स्वसंवेद्या’चा अर्थ लिहून दिला: ‘ज्याने त्याने स्वतःच्या अनुभवाने जाणण्याजोग्या’. बऱ्याच ठिकाणी असाच अर्थ सांगतात, कीर्तनातही हाच ऐकू येतो. मला तो पटत नाही. चारही शब्द संबोधनं आहेत, आद्या, वेदप्रतिपाद्या, स्वसंवेद्या, आत्मरूपा, म्हणजे जे काही बोललं जातंय ते समोरच्या त्या आत्मरूपाबद्दल आहे, माझ्याबद्दल नाही. मग ‘स्व’ हा त्याचा ‘स्व’. जो स्वतःच स्वतःला कळतो, ज्याला कळायला दुसरा कुणी लागत नाही, तो स्वसंवेद्य. गीतेत दहाव्या अध्यायात अर्जुन हेच म्हणतो, ‘स्वयमेवात्मनात्मानं वेत्थ त्वं पुरुषोत्तम’, तूच स्वतः स्वतःला स्वतःने जाणतोस. आपण ‘स्व’चा अर्थ ‘ज्याचा त्याचा’ केला की त्या शब्दातलं सगळं तत्त्वज्ञान निघून जातं आणि उरतो फक्त ‘ज्याचा त्याचा अनुभव’. तुम्हाला काय वाटतं ते मोकळेपणाने सांगा, प्रूफ पुढच्या आठवड्यात जायचंय.

सुरंगी:
दादा, मला तुमचं म्हणणं अजिबात पटलेलं नाही. ओवी नीट बघा. ‘वेद प्रतिपाद्या’ म्हणजे वेदांनी ज्याचं प्रतिपादन करायचं असा. लगेच पुढे ‘जय जय स्वसंवेद्या’. माउली एका दमात दोन गोष्टी सांगतायत, वेद तुझ्याबद्दल सांगू शकतात, पण कळणं म्हणाल तर ते स्वतःनेच व्हायला हवं. दोन्ही शब्दांची घडण एकसारखीच आहे ना, वेदांनी प्रतिपाद्य, स्वतःने संवेद्य. ‘प्रतिपाद्य’मध्ये प्रतिपादन करणारे वेद हे बाहेरचे, मग ‘संवेद्य’मध्ये जाणणारा साधक का नको?

आणि आपल्या मराठीत हा शब्द कसा वापरतात तेही बघा की. ‘ते सुख स्वसंवेद्य आहे’ असं आपण म्हणतो तेव्हा अर्थ हाच असतो की सांगून कळायचं नाही, घेऊन बघा. माझे आजोबा राजापूरकडचे, त्यांच्या जुन्या पोथीत याच ओवीशेजारी पेन्सिलीने बारीक अक्षरात लिहिलंय, ‘ज्याचें त्यास’. पानाचा कोपरा बोट लावून लावून तपकिरी झालाय, म्हणजे तिथे ते कितीदा थांबले असतील. संस्कृत शिकलेले नव्हते, पण आयुष्यभर पारायणं केली. हा अर्थ वरवरचा आहे असं मी तरी म्हणणार नाही.

खाडीकाठचा:
सुरंगीताई, आजोबांच्या टिपेबद्दल पूर्ण आदर आहे, आणि ‘वेद प्रतिपाद्या’च्या जोडीचा मुद्दा खरंच वजनदार आहे. पण समास ‘स्वेन संवेद्य’ असा सोडवला तरी ‘स्व’ कुणाचा हा प्रश्न राहतोच. संस्कृतात ‘स्व’ सहसा वाक्यात ज्याच्याबद्दल बोलणं चाललंय त्याच्याकडे जातो. ‘स्वयंभू’ म्हणजे ज्याचा तो जन्मलेला, असं आपण करत नाही. गणपतीपुळ्याचा गणपती स्वयंभू म्हणतात, म्हणजे तो स्वतःच प्रकट झाला, मला माझ्यापुरता प्रकट झाला असं नाही.

पाणंद:
माका काय वाटता सांगू? दोघांचाय बरोबर आसा आणि दोघांचाय अर्धाच आसा. आता नीट लिहितो, कारण हा विषय माझ्या जिव्हाळ्याचा आहे.

हा शब्द माउलींनी नव्याने घडवलेला नाही, त्यामागे काही शतकांचं भांडण आहे. बौद्ध आचार्य दिङ्नाग म्हणतो की प्रत्येक ज्ञानाला स्वतःचंही भान असतं, त्याला तो स्वसंवित्ती म्हणतो. त्याचा युक्तिवाद आठवणीवर उभा आहे आणि तो मला आजही फार ताकदीचा वाटतो. समजा मागच्या थंडीत तुम्ही किनाऱ्यावर रापण, म्हणजे माणसांनी दोराने ओढायचं मोठं जाळं, ओढताना पाहिलीत. आज तुम्हाला जाळ्यात फडफडणारे बांगडे आठवतात, दोर ओढणाऱ्यांचे वाळूत रुतलेले पाय आठवतात, पण त्याच्याबरोबर आणखी एक गोष्ट आठवते, की ते ‘मी पाहत होतो’. आठवतं तेच जे आधी अनुभवलेलं असतं. म्हणजे पाहताना फक्त रापणच नाही, ते पाहणंसुद्धा कळत होतं. आता ते पाहणं कशाने कळलं? दुसऱ्या ज्ञानाने म्हणाल तर त्या दुसऱ्याला कळायला तिसरं लागेल, तिसऱ्याला चौथं, आणि हे कुठे थांबणारच नाही. म्हणून ते पहिलंच ज्ञान स्वतःला उजळून असतं.

नैयायिकांना, म्हणजे न्यायदर्शन मानणाऱ्यांना, हे मान्य नव्हतं. त्यांचं म्हणणं, आधी ‘ही रापण’ असं ज्ञान होतं आणि मग ‘मला रापणीचं ज्ञान झालं’ असं दुसरं ज्ञान होतं, त्याला ते अनुव्यवसाय म्हणतात. आणि साखळी न थांबण्याची भीती त्यांना नव्हती, कारण प्रत्येक ज्ञान आपलं काम करायला स्वतः कळलेलं असायलाच हवं असं नाही. मीमांसक कुमारिल भट्टानेही स्वसंवित्ती नाकारली. म्हणजे माउलींनी हा शब्द पहिल्या ओवीत घातला तेव्हा तो नुसता गोड वाटला म्हणून घातलाय असं मी मानत नाही. नाथपंथातही परमपदाला स्वसंवेद्य म्हणतात, आणि माउली तर आदिनाथांपासून निवृत्तिनाथांपर्यंतच्या त्याच परंपरेतले.

तेव्हा ‘ज्याच्या त्याच्या अनुभवाने’ एवढंच छापलंत तर हे सगळं पोरांपासून लपून राहील. खाडीकाठचा यांच्या बाजूने माझं मत.

कातळ:
मी वेदान्त शिकलोय, थोडा नाही, बऱ्यापैकी. त्यामुळे इथे गप्प बसवत नाही. दोन्ही बाजू एक गोष्ट गृहीत धरतायत की आत्मा ‘संवेद्य’ आहे, कळण्याजोगा आहे, वाद फक्त कुणाला कळतो एवढाच. पण बृहदारण्यक उपनिषदात याज्ञवल्क्य मैत्रेयीला सरळ विचारतो, ‘विज्ञातारमरे केन विजानीयात्’, अगं जो जाणणारा आहे त्याला कशाने जाणायचं? जाणणारा हा जाणण्याची वस्तू झाला की तो जाणणारा राहत नाही. म्हणूनच 13व्या शतकात अद्वैत वेदान्ती चित्सुखाचार्यांनी स्वप्रकाशाची, म्हणजे स्वतःच उजेडात असण्याची, व्याख्या करताना अटच घातली की तो ‘अवेद्य’ असला पाहिजे, आणि तरीही आपल्या व्यवहारात प्रत्यक्षपणे हजर असण्याच्या योग्यतेचा. अवेद्य! म्हणजे काटेकोर वेदान्तात ‘स्वसंवेद्य’ हा शब्दच अडचणीचा. ‘स्वयंप्रकाश’ म्हणा, ‘स्वतःसिद्ध’ म्हणा. ‘स्वतःच स्वतःला जाणतो’ असं छापलंत की वाचणाऱ्याच्या डोक्यात एक जाणणारा आणि एक जाणला जाणारा असे दोन आत्मे तयार होतात, आणि तो घोटाळा पुढे आयुष्यभर निस्तरता येत नाही. मला तर हा अर्थ सुरंगीताईंच्या अर्थापेक्षा जास्त धोक्याचा वाटतो.

पाणंद:
कातळदादा, शंकराचार्य स्वतः अध्यासभाष्यात, म्हणजे ब्रह्मसूत्रभाष्याच्या सुरुवातीला, म्हणतात की आत्मा अगदी पूर्णपणे ‘अविषय’, म्हणजे जाणण्याच्या कक्षेबाहेरचा, आहे असंही नाही, कारण ‘मी’ या प्रत्ययाचा, म्हणजे जाणिवेचा, तो विषय होतो आणि तो अपरोक्ष, म्हणजे थेट हजर, आहे. म्हणजे दार तिथेही थोडं उघडंच ठेवलंय ना?

कातळ:
‘मी’ या प्रत्ययाचा विषय म्हणजे अहंकाराशी जोडलेला आत्मा. शुद्ध आत्मा नाही. त्याच जागेवरून मोठमोठ्या टीकाकारांमध्ये वाद झालेत, त्यामुळे एका वाक्यात निकाल लावू नका.

वेंगुर्ल्याची लेक:
मी तत्त्वज्ञान शिकलेली नाही, नर्स आहे. पण एक गोष्ट सगळ्यांच्या बोलण्यातून सुटतेय म्हणून लिहिते. हल्लीच्या मुलांना ‘संवेद्य’ म्हटलं की ‘संवेदना’, ‘संवेदनशील’ हेच आठवतं. माझ्या भाच्याला हा शब्द विचारला तर तो म्हणाला, ज्याला स्वतःच्या भावना कळतात तो. तो नववीत आहे आणि हुशार आहे. म्हणजे तुमचा पहिला अर्थ छापा नाहीतर दुसरा, तो वाचणार आहे ‘आपल्या फीलिंग्ज’. ‘ज्याच्या त्याच्या अनुभवाने’ हे वाक्य त्या गैरसमजाला आणखी बळ देतं, कारण आज ‘माझा अनुभव’ याचा अर्थ ‘माझं मत, कुणी प्रश्न विचारायचा नाही’ असा झालाय. मी दवाखान्यात रोज बघते, माणूस शुद्धीवर येतो तेव्हा नाव-गाव-वार काही सांगता येत नसतं, पण ‘मी आहे’ याबद्दल त्याला शंका नसते. ते कुणी त्याला कळवलेलं नसतं आणि त्याने ते शोधूनही काढलेलं नसतं. तुम्ही ज्या शब्दावर भांडताय तो याच्याबद्दल आहे असं मला वाटतं. असेल तर तसं लिहा, पोरांना कळेल.

सुरंगी:
ताई, हे फार छान लिहिलंत, आणि खरं सांगायचं तर मी ‘अनुभव’ म्हणते तेव्हा हेच म्हणते, मत नव्हे. पावसला स्वामी स्वरूपानंदांच्या समाधीपाशी जाऊन बसलात तर तिथे ‘सोऽहं’ची साधना सांगतात, ‘तो मी’. स्वामींनी सगळी ज्ञानेश्वरी अभंगात आणली, 1974 मध्ये गेले, पण पावसच्या आसपासच्या कितीतरी घरांत आजही रोज ती वाचतात. ‘सोऽहं’ हा काही व्याकरणाचा निष्कर्ष नाही, तो श्वासाबरोबर बसवायचा असतो. म्हणून माझा आग्रह आहे की पुस्तिकेत साधकाची जागा राहू द्या. नुसतं ‘तो स्वतःच स्वतःला जाणतो’ असं छापलंत तर पोरगं म्हणेल, जाणू दे की त्याला, माझा काय संबंध?

आणि शेवटचा शब्द ‘आत्मरूपा’ आहे हे विसरू नका. जो माझा आत्मा आहे त्यालाच ही हाक आहे. मग त्याचा ‘स्व’ आणि माझा ‘स्व’ वेगळे धरायचे कशाला?

खाडीकाठचा:
हा मुद्दा मला मान्य आहे, पण त्यातून माझीच बाजू बळकट होते असं मला वाटतं. ‘आत्मरूपा’ म्हटल्यामुळे दोन्ही ‘स्व’ एक होतात, बरोबर. पण ते एक होतात ते आत्म्याच्या बाजूने, ‘ज्याचा त्याचा’ या बाजूने नाही. ‘ज्याचा त्याचा’ म्हटलं की माणसं अनेक, अनुभव अनेक. ओवीत तर एकच आहे. चांगदेव पासष्टीत माउलींनी तोंड आणि आरसा घेतलाय, आरसा समोर आला म्हणून तोंड ‘दिसतं’ आणि पाहणारा नि दिसणारं असा भेद उभा राहतो, आरसा नसला तरी तोंड आहेच. कातळदादांच्या आक्षेपाला माउलींनी तिथेच उत्तर दिलंय असं मी धरतो, दोन आत्मे होत नाहीत, दोनपणा आरशामुळे आहे.

कातळ:
उदाहरण उत्तम आहे पण ते माझ्या बाजूचं आहे. आरसा काढला की ‘पाहणं’च संपतं. मग ‘स्वतःला जाणतो’ या क्रियापदाला तिथे जागा कुठे राहिली? तोंड आहे एवढंच. माउली अमृतानुभवात आणखी पुढे जातात, तिथे अज्ञानाचं खंडन करताना ज्ञानही टिकू देत नाहीत. जो माणूस सत्-चित्-आनंद हे तीन शब्दसुद्धा अपुरे ठरवतो त्याच्या तोंडी ‘स्वतःला जाणणारा’ हे वाक्य घालताना दहादा विचार करा.

पाणंद:
पण दादा, ज्ञानेश्वरी शके 1212 ची आणि पहिली ओवी हे मंगलाचरण आहे, तिथे माउली ‘अवेद्या’ म्हणाले नाहीत, ‘स्वसंवेद्या’च म्हणाले, तेही जय जय म्हणत. त्यांना शब्द बदलायचा असता तर अडवणारं कोण होतं? तेव्हा शब्दाचा अर्थ द्यायचा तर त्या शब्दाचा द्या, आपल्याला हवा असलेल्या दुसऱ्या शब्दाचा नको.

खाडीकाठचा:
सगळं वाचून मी पुस्तिकेसाठी असं लिहिलंय:

‘स्वसंवेद्या: ज्याला कळायला दुसऱ्या कशाचीही मदत लागत नाही, जो आपलाआपणच उजेडात आहे अशा (गणेशा). “मी आहे” हे आपल्याला कुणी सांगावं लागत नाही, तिथेच हा सापडतो.’

पहिलं वाक्य माझं, ‘जाणतो’ हे क्रियापद कातळदादांसाठी मुद्दाम टाळलंय, दुसरं वाक्य वेंगुर्ल्याच्या ताईंचं.

सुरंगी:
दुसरं वाक्य पहिलं घ्या दादा. मूल वाचायला लागलं की आधी ‘मी आहे’ येऊ दे, मग गणपती.

कातळ:
‘सापडतो’ नको. हरवलेलं सापडतं. ‘तिथेच हा आहे’ एवढं पुरे.

खाडीकाठचा:
‘आहे’ केलं. क्रम मात्र बदलणार नाही सुरंगीताई, ओवीत हाक आधी त्याला आहे.