मदत हवी आहे: अमेरिकेतल्या गिरण्या, शाळा आणि बालमजुरी

नमस्कार मंडळी, एमएच्या सेमिनारला अमेरिकेतलं औद्योगिकीकरण आणि शाळा हा विषय घेतलाय आणि डोक्याचा पार भुगा झालाय. म्हणजे बघा, मॅसॅच्युसेट्स राज्याने १८३६ लाच कायदा केला की कारखान्यातल्या १५ वर्षांखालच्या पोरांनी वर्षातले तीन महिने तरी शाळेत जायचं, पुढच्याच वर्षी शिक्षणसुधारक होरेस मान तिथल्या शिक्षण मंडळाचे सचिव झाले, १८५२ ला तिथे सक्तीचं शिक्षण आलं, आणि तरी १९०९ मध्ये छायाचित्रकार लुईस हाइनने दक्षिणेकडच्या जॉर्जिया राज्यातल्या सूतगिरणीत काढलेला फोटो बघा, तुटलेला धागा जोडायला हात पुरावा म्हणून चालू मशीनवर चढलेली अनवाणी पोरं!! दक्षिणेतल्या राज्यांत सक्तीचा कायदा खूप उशिरा आला हे समजलं, पण १९१६ चा केंद्राचा बालमजुरी कायदासुद्धा सुप्रीम कोर्टाने दोनच वर्षांत उडवला, कमाल आहे.

माझा प्रश्न असा की शाळा वाढल्या त्या सुधारकांमुळे की मालकांना वक्तशीर कामगार हवे होते म्हणून? मान स्वतःच मालकांना पटवायचे की शिकलेला कामगार जास्त माल काढतो, त्यामुळे मला तरी दुसरं जास्त खरं वाटतंय, सर मात्र ऐकत नाहीत. यावर मराठीत काही चांगलं वाचायला आहे का? आणि पंडिता रमाबाई १८८६ ला तिकडे गेल्या, फिलाडेल्फियात किंडरगार्टन (लहान मुलांना खेळातून शिकवायची) पद्धत शिकल्या, तो धागा यात जोडला तर चालेल का? प्लीज सांगा.