पांढऱ्या पेशी जंतू खातात, मग सासूबाईंचं गोंदण का खात नाहीत?

घणसोलीची_सून

नमस्कार. प्रश्न माझ्या आठवीतल्या मुलाचा आहे. मला उत्तर देता आलं नाही, आणि "मोठा झालास की कळेल" असं सांगून त्याला गप्प करायचं नाहीये, म्हणून इथे विचारते.

मागच्या आठवड्यात त्याच्या मांडीला गळू झालं. सासूबाईंनी दोन दिवस पोटीस बांधलं. तिसऱ्या दिवशी ताप १०२ वर गेला तेव्हा डॉक्टरांकडे नेलं. त्यांनी चीर देऊन पू काढला. पिवळा होता, कडेला हिरवट. रक्ताच्या रिपोर्टमध्ये पांढऱ्या पेशी १६,८०० आणि न्यूट्रोफिल (पांढऱ्या पेशींचाच एक प्रकार) ८४ टक्के. डॉक्टर त्याला म्हणाले, "घाबरू नकोस, तुझ्या पांढऱ्या पेशी जंतूंना खातायत." शाळेत पेशीची अंगकं शिकून झालीत, त्यामुळे त्याला ते पटलं.

घरी आल्यावर तो आजीच्या मांडीवर डोकं ठेवून पडला होता. आम्ही आगरी. सासूबाईंच्या दोन्ही हातांवर मनगटापासून कोपरापर्यंत गोंदण आहे, लग्नाआधीचं, म्हणजे साठेक वर्षांचं. इथे खाडीकडेला मिठागरं होती तेव्हाची गोष्ट. गोंदणारी बाई दारावर आली होती, सुयांची जुडी आणि काजळी घेऊन. पोरगा ते बोटाने चाचपत म्हणाला, "आई, काजळी पण बाहेरचीच ना? मग पांढऱ्या पेशींनी हिला साठ वर्षांत का नाही खाल्लं?"

सासूबाई म्हणाल्या, सोनंनाणं इथंच राहतं, गोंदण तेवढं माणसाबरोबर जातं, ते कोण खाणार? त्यांचं बरोबरच आहे, पण मुलाला काय सांगू?

काचपट्टी (ठाणे)

ताई, मी ठाण्यात एका रुग्णालयाच्या पॅथॉलॉजीत ३१ वर्षं टेक्निशियन होते. इतका नेमका प्रश्न मला शिकाऊ मुलांनीही कधी विचारला नव्हता. त्याला सांगा, पेशींनी ते गोंदण खाल्लंय. ज्या दिवशी गोंदलं त्या दिवसापासूनच खायला सुरुवात केली. आजीच्या हातावर जे दिसतं ते पेशींच्या पोटातलं आहे.

आधी गळवाबद्दल सांगते, म्हणजे पुढचं कळेल. पुवाची काच आम्ही ग्रॅम नावाच्या रंगपद्धतीने रंगवतो आणि तेलाचा थेंब टाकून हजारपट मोठी करून बघतो. गळवाच्या पुवात बहुतेक वेळा एकच चित्र दिसतं: गुलाबी न्यूट्रोफिलांचा खच, आणि कित्येकांच्या पोटात जांभळे गोल जंतू, द्राक्षाच्या घडासारखे. न्यूट्रोफिल जांभळाएवढा धरलात तर जंतू मोहरीएवढा. पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी डोळा काढायलाच तयार नव्हते, मागे रांग लागली होती.

हे खाणं कसं होतं? आधी रक्तातली प्रथिनं जंतूवर चिकटतात. नुसता जंतू गुळगुळीत असतो, हातात येत नाही. प्रथिनांचा लेप बसला की पेशीला पकड मिळते. या लेपाला शास्त्रात ऑप्सोनायझेशन म्हणतात, आणि त्या शब्दाच्या मुळाशी ग्रीक भाषेतलं तोंडीलावणं आहे. तुमच्याकडे बोंबलाला मसाला लावतात, तसं समजा. मग पेशी अमिबासारखे छद्मपाद काढते, जंतूला दोन्ही बाजूंनी कवेत घेते, आणि टोकं जुळली की जंतू आत एका पिशवीत बंद होतो. त्याच्या पुस्तकात लयकारिका (पेशीतल्या पाचक रसांच्या पिशव्या) आहेत ना, त्या इथे कामाला येतात. त्या येऊन या पिशवीला मिळतात, आतली आम्लता वाढते, पाचक रसांनी जंतूचे तुकडे होतात. शिवाय पेशी ऑक्सिजनपासून हायड्रोजन पेरॉक्साइड बनवते आणि त्यापासून हायपोक्लोरस आम्ल, म्हणजे आपण फरशीला वापरतो त्या ब्लीचच्या जातीचं द्रव्य. हे आम्ल बनवणारं जे विकर (एन्झाइम) आहे, त्याचा स्वतःचा रंग हिरवा असतो. पुवाला तो हिरवट रंग बऱ्याचदा त्यानेच येतो. काही मुलांच्या पेशींत जन्मतःच ही ऑक्सिजनची यंत्रणा चालत नाही. पेशी जंतू गिळतात, पण काही जातींचे जंतू त्यांना मारता येत नाहीत, आणि अशा मुलांना पुन्हा पुन्हा गळवं होतात. गिळणं आणि पचवणं ही दोन वेगळी कामं आहेत, एवढं त्याला नीट समजावा. त्याच्या प्रश्नाची किल्ली तिथे आहे.

न्यूट्रोफिल हे करून स्वतः मरतो. म्हणून पू म्हणजे घाण रक्त असं कुणी म्हटलं की मला राहवत नाही. त्यात बहुतांश आपल्याच मेलेल्या पेशी असतात, काम करून मेलेल्या. मागून मॅक्रोफेज (दुसऱ्या जातीच्या गिळणाऱ्या पेशी) येतात, आकाराने मोठे, आयुष्याने लांब, आणि ते या मेलेल्या न्यूट्रोफिलांनाही गिळून जागा साफ करतात.

आता गोंदण. सुईने काजळी कातडीच्या खालच्या थरात गेली. वरचा थर सतत झडतो, खालचा तसा झडत नाही. तिथल्या मॅक्रोफेजनी काजळीचे कण गिळले. पण काजळी म्हणजे कार्बन. त्याला तोडणारं विकर आपल्या कुठल्याच पेशीत नाही. तेव्हा कण पिशवीत पडून राहतात. मग कुणालाही वाटेल की तीच पेशी साठ वर्षं जिवंत असणार. तसं नाही. २०१८ साली फ्रान्समध्ये मार्सेयच्या शास्त्रज्ञांनी उंदरांच्या शेपटीवर गोंदलं आणि नंतर तिथले मॅक्रोफेज मारून टाकले. गोंदण तसंच राहिलं. मेलेल्या पेशीतून सांडलेला रंग नव्या पेशींनी येऊन तिथल्या तिथे गिळला होता. आजीच्या हातावरही असंच पिढ्यान्‌पिढ्या चाललं असणार, एकीच्या पोटातलं दुसरीच्या पोटात. थोडे कण निसटून लसिकेबरोबर काखेतल्या गाठींत जातात, रेषा कालांतराने फिसकटतात त्यामागे ही हालचालही असते. लेसरने गोंदण काढतात तेव्हा कणांचा चुरा करतात, म्हणजे तो वाहून नेता येतो.

आणि त्याला मेचनिकोव्ह या शास्त्रज्ञाची गोष्ट सांगा. १८८२ साल, सिसिली बेटावरचं मेसिना गाव. घरचे सगळे सर्कस बघायला गेले होते, हा एकटा सूक्ष्मदर्शकापाशी. तारामाशाची अळी पारदर्शक असते. त्याने तिच्या अंगात गुलाबाचे काटे टोचले आणि रात्रभर झोपला नाही. सकाळी बघतो तर काट्याभोवती पेशींचा गराडा. या शोधासाठी १९०८ चं नोबेल मिळालं, पॉल एर्लिख यांच्याबरोबर. तुमच्या मुलाने आजीच्या हाताकडे बघून जे विचारलं ते त्या काट्याच्या फार जवळचं आहे.

एक काळजीचं: चिरेच्या जागी रोज ड्रेसिंग, दाबायचं नाही, आणि अँटिबायोटिकचा कोर्स ताप गेला म्हणून अर्ध्यावर सोडायचा नाही.

ओटेवाला_कळवा

मॅडम, "गिळलं पण पचलं नाही" वाचून विचारतो. मी किचनचे ओटे बसवतो. आधी कडाप्पा, मग ग्रॅनाइट, आता चार वर्षं बहुतेक क्वार्ट्झचे. कटरने कापताना पांढरा धुरळा उडतो, रुमाल बांधतो. दोन महिने कोरडा खोकला आहे. धूळसुद्धा या पेशी खातात का? खात असतील तर मग काळजी नको ना?

काचपट्टी (ठाणे)

दादा, काळजी घ्यायला हवी, आणि आजपासूनच.

फुप्फुसाच्या वायुकोशांत मॅक्रोफेज असतात, ते धूळ गिळतात. नेहमीची धूळ घेऊन ते वर सरकतात आणि कफाबरोबर बाहेर पडतात. पण क्वार्ट्झ म्हणजे सिलिका. तिचे बारीक कण गिळले की आतली पिशवी फाटते, पाचक रस पेशीतच सांडतात आणि पेशी मरते. कण मोकळा होतो, दुसरी पेशी येऊन तोच कण गिळते, तीही मरते. कण काही झिजत नाही. प्रत्येक पेशी मरताना मदतीला बोलावणारे संदेश सोडते, आणि या न संपणाऱ्या दाहातून फुप्फुसात वणासारखा कडक धागा तयार होत जातो. हाच सिलिकोसिस. झालेली हानी भरून येत नाही.

ग्रॅनाइटपेक्षा कृत्रिम क्वार्ट्झच्या फरशीत सिलिका कितीतरी जास्त, काहींत ९० टक्क्यांच्या वर असते. म्हणून ऑस्ट्रेलियाने १ जुलै २०२४ पासून अशा दगडावर बंदीच घातली. रुमालातून हे कण आरपार जातात. कोरडं कापू नका, पाण्याची धार सोडून कापा. तोंडाला घट्ट बसणारा एन-९५ लावा, कोरडा झाडू मारू नका, कामाचे कपडे घरात झटकू नका.

या आठवड्यात छातीच्या डॉक्टरांकडे जा, एक्स-रे काढा, आणि किती वर्षं काय कापता ते न विचारता सांगा. थुंकीची टीबीची तपासणीही करा. टीबीचा जंतू याच मॅक्रोफेजमध्ये शिरून लयकारिकेला पिशवीला मिळूच देत नाही आणि आत जगतो. सिलिकाने पेशी आधीच खचलेल्या असल्या तर त्याचं आणखी फावतं.

ओटेवाला_कळवा

बरोबर दोन पोरं आहेत कामाला, एक एकोणीसचा. त्यांनाही घेऊन जातो. पाण्याचा कटर मालक देत नव्हता, आता मीच घेतो.

घणसोलीची_सून

काचपट्टी मावशी, तुमचं उत्तर मी त्याला मोठ्याने वाचून दाखवलं. सासूबाईही ऐकत होत्या. एकीच्या पोटातलं दुसरीच्या पोटात, हे ऐकून त्यांनी हात पुढे केला आणि सांगितलं की मनगटावरची ही फुली त्यांच्या आईच्या मनगटावरही होती, तीच बघून गोंदणारणीने काढली. मला अठरा वर्षांत हे माहीत नव्हतं.

जखम सुकतेय. पोराला आता पुवाची काच बघायची आहे. त्याच्या शाळेच्या सूक्ष्मदर्शकातून न्यूट्रोफिल दिसतील का?

काचपट्टी (ठाणे)

पू नको, त्याने घरी हात लावायचा नाही. पण न्यूट्रोफिल तयार रंगवलेल्या रक्ताच्या काचेवर शाळेच्या चाळीसच्या भिंगातूनही दिसतात. तीन ते पाच पाकळ्यांचं केंद्रक असलेली पेशी शोधायची. विज्ञानाच्या बाईंना विचारा, शाळेत अशी काच नसेल तर मला निरोप करा. माझ्याकडे शिकवायला ठेवलेला डबा आहे, घणसोलीला आणून देईन.