लहानपणी जे झालं ते जोडीदाराला सांगायलाच हवं का?

निशिगंध: मैत्रिणीचं लग्न ठरलंय. लहानपणी एका नातेवाईकाने तिच्यावर अत्याचार केला होता, हे फक्त मला माहितीये. बाकी बघाल तर नोकरी, ट्रेक, फोटो, सगळं मजेत, पण मागून कुणी खांद्यावर हात ठेवला की अशी दचकते ना! होणारा नवरा म्हणतो आपल्यात काहीच लपवायचं नाही. मला वाटतं तो म्हणतो म्हणून सांगायची काही गरज नाही.

कडूगोड: अजिबात पटलं नाही. उद्या तो जवळ आला आणि ही आखडली तर त्याला वाटणार आपण हिला आवडतच नाही, मग तो चिडणार, ही अजून मिटून घेणार. सांगून मोकळी हो म्हणावं.

तिरकस: हल्ली बॉस ओरडला तरी ट्रॉमा असतो. कमावतेय, हसतेय, म्हणजे सावरलीये की! कशाला उकरायचं?

सावकाश: तिरकस, अर्धं बरोबर आहे तुमचं. डब्ल्यूएचओच्या मते जगातल्या साधारण ७० टक्के लोकांवर आयुष्यात कधीतरी मनाला जबर धक्का देणारा काही ना काही प्रसंग येतो, पण पीटीएसडी, म्हणजे अशा धक्क्यानंतर मागे राहणारा मानसिक आजार, जगातल्या ४ टक्के लोकांच्या आसपासच होतो, बायकांमध्ये जास्त. बरेच जण सावरतात. पण हसते म्हणून सावरली हे कुठलं लॉजिक? आठवण टाळणं हे तर पीटीएसडीच्या मुख्य लक्षणांपैकी एक, आणि स्वतःला कामात बुडवून घेणं हेही टाळणंच असू शकतं. कडूगोड, 'मोकळी हो' पण जपून बरं का. धक्क्यानंतर लगेच एका बैठकीत सगळं बोलायला लावायची पद्धत होती, त्याने पीटीएसडी टळत नाही असं दिसलं म्हणून आता ती नकोच म्हणतात.

कडूगोड: अहो पण इथे वर्षं लोटलीत! आणि तपशील कोण मागतंय, 'मागून येऊ नकोस, आधी विचार, कारण मी सांगेन तेव्हा सांगेन' एवढं तरी बोलेल की नाही?

निशिगंध: एवढं बोलू शकेल ती. पण त्याने 'कारण काय' म्हणून पिच्छा पुरवला तर?

तिरकस: मग तसला नवरा कशाला करायचा.

बिनधास्त: सगळे नवऱ्यावरच अडकलात. तो नातेवाईक लग्नाला येणारे का?

निशिगंध: घरच्यांना माहीतच नाही, त्यामुळे यादीत आहे तो. त्याला टाळायचं तर घरात कुणालातरी सांगावं लागेल, मग 'इतकी वर्षं का नाही बोललीस' सुरू होणार. तिलाच विचारते आधी.