अर्ध्या दिवसात पाटणादेवीचा डोंगर: वाटाड्या घ्यावा का?

भडगावकर:

राम राम मंडळी. दिवाळीनंतर साडूभाऊ सहकुटुंब ठाण्याहून येताहेत. चार दिवस मुक्काम आमच्याकडे, परतीची गाडी चाळीसगावहून संध्याकाळी. फोनवर साडू म्हणाले, "तुमच्या खान्देशात केळी आणि ऊन सोडून काही असेल तर दाखवा." आता इज्जतीचा प्रश्न झाला. शेवटच्या दिवशी पहाटे निघायचं, पाटणादेवीचा डोंगर दाखवायचा आणि तिथूनच त्यांना स्टेशनवर सोडायचं असा बेत आहे. म्हणजे हाताशी सकाळचे सात ते दुपारचा एक.

मी देवीला दरवर्षी जातो. पण खरं सांगायचं तर नारळ फोडला, डबा खाल्ला, परत आलो. कण्हेरगडावर अजून पाऊल ठेवलेलं नाही. सोबत सासूबाई (वय ६८, एक गुडघा कुरकुरतो), दोघी बहिणी आणि साडूंचा आठवीतला मुलगा, ज्याचं डोकं मोबाइलमधून वर येत नाही.

गावातला वाटाड्या घ्यावा का? किती फिरून होईल? आमच्या हिचं म्हणणं, "देऊळ काय डोळ्यांना दिसत नाही? त्याला माणूस कशाला?"

जिभाऊ धुळेकर:

कथा चालनात भो इतली घाई करीसन! (कुठे निघालात एवढी घाई करून!)

एकच सांगतो, त्या सहा तासांत पितळखोऱ्याची लेणी घुसडू नका. नकाशावर बोटभर अंतर दिसतं, म्हणून सगळेच फसतात. गाडीने जायचं तर कन्नड घाट चढून वरच्या बाजूने जावं लागतं, आणि घाटात कोंडी झाली तर तुमची गाडी स्टेशनवरून निघून जाईल आणि तुम्ही घाटातच असाल. पाटणादेवीच्या जंगलातून वर चढणारी वाट आहे, पण ती सासूबाईंना घेऊन जायची नाही. लेणी दोन हजार वर्षांपूर्वीची, हत्तींची अख्खी रांग कोरलेली, तिला निवांत दिवस द्या. तिथला एक यक्ष तर दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात जाऊन बसलाय. त्याच्या हातावर घडवणाऱ्याचं नाव आहे, कण्हदास, धंद्याने सोनार. आपल्याकडचा कारागीर, सही करून गेला.

गणिताच्या बाई:

मी चाळीसगावची. शाळेच्या पोरांना घेऊन पाटणादेवीला किती वेळा गेले ते मोजलेलं नाही, तेव्हा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

वाटाड्या घ्याच. तुमच्या घरच्यांचं बरोबर आहे, देऊळ दाखवायला माणूस लागत नाही. माणूस लागतो तो देवळाच्या पुढे.

आमच्यासोबत येतात ते पाटण्याचेच एक दादा. लहानपणी याच रानात गुरं चारली. त्यांना इतिहास विचारलात तर पांडवांपासून सुरू करतील, आणि सीतेची न्हाणी म्हणतात त्या लेण्यापाशी सीतामाई कशी बसायची तेही करून दाखवतील. ऐकून घ्यायचं. पण कोणता दगड पायाखाली हलतो, कोणत्या वळणावर गवत दवाने निसरडं असतं, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक नाही. आणि ते झाडाशी थांबतात. आपण थांबत नाही.

एकदा चढताना त्यांनी अंजनाची डहाळी तोडून पोरांच्या हातात दिली. "आपटा!" सगळे ओरडले. दसरा नुकताच झालेला. दादा म्हणाले, नीट बघा. आपट्याचं पान मध्ये चिरलेलं असतं, पण खाली जुळलेलं. अंजनाची दोन पानं देठापर्यंत सुटी, मूत्रपिंडाच्या आकाराची. वीस वर्षं शिकवते, दसऱ्याला किती जणांनी मला अंजनाचं सोनं दिलं असेल कोण जाणे.

पुढे नागार्जुन कोठडी. नाव नागार्जुनाचं असलं तरी लेणं जैन आहे, आत तीर्थंकर आहेत. दादांनी एकदम हात वर केला आणि कुजबुजले, "बाई, पोरांना गप करा." वर कातळाच्या पोटाला आग्या मोहोळं लटकलेली, काळीशार, परातीएवढी. चाळीस पोरं खाली बसवली. गप बसवायचं तर काहीतरी द्यायला हवं, म्हणून मी दबक्या आवाजात भास्कराचार्यांच्या लीलावती ग्रंथातलं गणित घातलं. भुंग्यांचा थवा आहे. पाचवा हिस्सा कदंबावर गेला, तिसरा हिस्सा शिलींध्राच्या फुलावर. या दोन हिश्श्यांतल्या फरकाची तिप्पट कुटजावर. एक उरला, तो केतकी आणि मालतीच्या वासाने हवेतच घुटमळतोय. तर सगळे किती? मागच्या रांगेतल्या एका मुलीने, जी वर्गात तोंड उघडत नाही, बोटांनी पंधरा दाखवले.

कुटज म्हणजे काय, हे एकाने विचारलं. मी गडबडले, कारण मी ते इतकी वर्षं नुसतं फळ्यावर लिहीत आले. दादांनी शेजारचंच झुडूप दाखवलं. "आम्ही कुडा म्हणतो. पोट बिघडलं की साल उगाळायची." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "बाई, एकटा उरला ते बरं. थवा उठला तर गणित सुटायचं नाही." म्हणून एक सांगते, साडूंना त्या दिवशी अत्तर-स्प्रे मारून आणू नका, आणि वर बिडी-सिगारेट तर अजिबात नको.

हे गणित तिथे मुद्दाम घालायला कारण आहे. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव, यानेच आजोबांचे ग्रंथ शिकवायला पाटण्याला मठ काढला. (हा तापीकाठचा योगी चांगदेव नव्हे, मुक्ताईनगरच्या लोकांशी यावरून आमची दर वेळी जुंपते.) तसा शिलालेख आहे, १२०७ सालचा, यादव सिंघणाच्या काळातला, भवानीच्या पडक्या देवळातल्या शिळेवरचा. तो उजेडात आणला डॉ. भाऊ दाजी लाडांनी. बराचसा संस्कृत, पण त्यात काही ओळी जुन्या मराठीत आहेत: "इयां पाटणीं जें केणें उघटे..." केणें म्हणजे विक्रीचा माल. या गावच्या बाजारात माल विकला की राजाकडे जो वाटा जायचा, तो मठाला दिला. बाजाराच्या पैशावर गणित शिकवायचे! आमची ग्रँट किती महिने लटकते ते इथे लिहीत नाही.

तुमच्या वेळेचं म्हणाल तर गड किंवा केदारकुंड, दोन्हींतलं एक. दिवाळीनंतर धबधब्याची धार बारीक झालेली असते, म्हणून मी गडच धरेन. महादेव मंदिर सकाळच्या उन्हात बघा, उंच जोत्यावर आहे, शिल्पं तिरप्या उन्हात उठून दिसतात. सासूबाईंना तिथपर्यंत न्या आणि पुढे गडाच्या वाटेला जाऊ देऊ नका. गुडघा चढताना नाही, उतरताना रडवतो.

बुलेटवाला:

बाईंचं सगळं मान्य, पण मी दोनदा एकटा गेलो, वाटाड्याशिवाय. गड लहान आहे, वाट मळलेली आहे, काही बिघडलं नाही. उगाच पैसे कशाला घालवायचे? २०२१ मध्ये यवतमाळकडच्या टिपेश्वरचा वाघ चालत चालत इथल्या गौताळा अभयारण्यात आला होता, तो काय वाटाड्या घेऊन आला होता?

गणिताच्या बाई:

बुलेटवाले दादा, वाघाला संध्याकाळची गाडी पकडायची नव्हती.

मळलेल्या वाटेवरची माझी गोष्ट ऐका. दोन वर्षांपूर्वी नणंद आणि तिची पोरं आली होती. मला फार माहिती, म्हणून कुणालाच सोबत घेतलं नाही. उतरताना गुरांची वाट आणि माणसांची वाट यांत गल्लत केली. गुरांची वाट जास्त मळलेली असते, हे तेव्हा कळलं. ती आम्हाला नाल्यात घेऊन गेली. दीड तास दगडांवरून उड्या मारत होतो. पाणी संपलं, नणंदेच्या चपलेचा अंगठा तुटला, मोज्यांत कुसळं अशी शिरली की रात्री चिमट्याने काढत बसलो. शेवटी एका गुराख्याने हाक मारून वळवलं. आम्ही देवळापासून हाकेच्या अंतरावर होतो, नुसतं चुकीच्या तीरावर. नणंद अजून जेवायला बसलं की ती गोष्ट काढते.

पावसाळ्यात तर हा विचारसुद्धा नको. ३१ ऑगस्ट २०२१ ला डोंगरी आणि तितूर या नद्या चाळीसगावात कशा शिरल्या आणि कन्नड घाटात दरडी कशा कोसळल्या, ते आम्ही पाहिलंय. ते पाणी याच डोंगरातून उतरतं.

भडगावकर:

बाई, फार आभार. दोन शंका. पैसे किती द्यायचे? आणि नेटवर कण्हेरगड टाकलं तर नाशिककडचं काहीतरी येतंय.

गणिताच्या बाई:

तो कळवणकडचा कण्हेरगड, वेगळा. "चाळीसगाव" जोडून शोधा.

पैशाचं मी आकडा सांगणार नाही, दर साल बदलतो. निघायच्या आधी ठरवा, माणशी की सगळ्यांचे मिळून ते स्पष्ट बोला, आणि किती वाजता खाली यायचं तेही तेव्हाच सांगा. वन खात्याच्या नाक्यावर पावती फाडावी लागते, सुटे ठेवा. वाटाड्याची चौकशी तिथेच करा. आणि त्याच्या जेवणाची भाकरी तुमच्या डब्यात जास्तीची घ्या. आम्ही कळण्याची भाकरी, ठेचा आणि भरीत नेतो. भरताचं तेल गळतं, डबा घट्ट लावा.

जिभाऊ धुळेकर:

भरीत म्हटलं की मी पण येतो. कोणता वार?

भडगावकर:

जाऊन आलो, म्हणून लिहितो.

नाक्यावर सव्वासातला पोहोचलो. वाटाड्या मिळाला, पंचविशीतला पोरगा, बाईंचे दादा नव्हेत. पण अंजनाचं पान त्यानेही दाखवलं. बहुतेक तिथे सगळ्यांनाच दाखवतात. साडूंनी दोन पानं पाकिटात घातली.

सासूबाई महादेव मंदिरापाशी थांबल्या. आम्ही वर गेलो ते नागार्जुन कोठडी आणि सीतेची न्हाणी करून माथ्यापर्यंत. माथ्यावर वारा असा की साडूंची टोपी गेली. ते बराच वेळ खालच्या दाट रानाकडे बघत उभे होते, आणि मग इतकंच म्हणाले, "केळी कुठे आहेत?" मी म्हटलं, ती रावेर-यावलला, इकडे नाही. शृंगार चावडीचं लेणं राहिलं. वाटाड्याने घड्याळ दाखवून मागे वळवलं, मी हट्ट करणार होतो, केला नाही.

मोहोळं होती, पण एक जुनं रिकामं पोळं आणि एक भरलेलं. मुलाला भुंग्यांचं गणित घातलं. त्याने मोबाइल काढला. मला वाटलं उत्तर शोधतोय, तर कॅल्क्युलेटर होता. पंधरा आलं. मग त्याने वाटाड्याला विचारलं, कुडा कोणता? तो म्हणाला इथे नाही, खाली उतरताना दाखवतो. उतरताना खरंच दाखवला.

खाली आलो तर सासूबाईंच्या भोवती चार बायका. पाटण्याच्याच होत्या, वाळकं सरपण घेऊन बसलेल्या. सगळ्या जणी सासूबाईंच्या गुडघ्याला कोणता पाला बांधायचा यावर भांडत होत्या. दर्शन, भरीत, एक वाजून दहा मिनिटांनी गाडीत. चाळीसगावात वेळ उरला, म्हणून स्टेशनजवळचं केकी मूस यांचं घर पाहिलं. ठाण्याहून आलेला माणूस, त्याला सांगितलं की हा छायाचित्रकार जवळपास पन्नास वर्षं या घरातून क्वचितच बाहेर पडला. साडू म्हणाले, "मग डोंगर कधी पाहिला असेल त्याने?"

बाई, पुढच्या वेळी तुमच्या दादांचा पत्ता लागेल. शृंगार चावडी बाकी आहे, आणि सासूबाई म्हणतात पाल्याने फरक पडला, आता मीही वर येणार.

गणिताच्या बाई:

पाला कोणता ते विचारून ठेवा. गडावर मात्र न्यायचं नाही.