टोमॅटोचं रेलिश: झाकण टक् वाजलं म्हणजे झालं का?

गिरगावची सून
दादरला टोमॅटो उतरलेत, पाच किलो आणून रेलिश, म्हणजे आंबटगोड चटणी, घालणार आहे. कांदा, ढोबळी मिरची, साखर, व्हिनेगर. आमच्या फ्रीजमध्ये दह्याची वाटी ठेवायची तरी वाद होतो, त्यामुळे बरण्या बाहेरच राहणार. जाऊबाई म्हणतात, गरम भरून बरणी उलटी ठेव, झाकण टक् वाजून आत ओढलं गेलं की वर्षभर बघायला नको. खरंय का? आणि वरून हिंग-मोहरीची फोडणी चालेल ना? फोडणीशिवाय आमच्याकडे कोणी तोंड लावणार नाही.

पार्ल्याची काकू
टक् वाजलं म्हणजे हवा गेली, एवढंच. बोट्युलिझमचे, म्हणजे जीवघेण्या अन्नविषबाधेचे, जंतू हवा नसते तिथेच वाढतात गं, आणि त्यांचं विष वासाला-चवीला कळतही नाही. त्यांना आवरते ती आंबटाई. पीएच, म्हणजे आंबटपणाचा आकडा (जितका कमी तितकं आंबट), ४.६च्या खाली हवा, आणि टोमॅटो नेमका त्याच्या आसपास असतो, कधी खाली कधी वर. म्हणून व्हिनेगर नुसतं चवीला नसतं. तपासलेली कृती घे आणि माप पाळ. आंबट लागलं तर साखर वाढव, व्हिनेगर कमी करू नकोस. कांदा-मिरचीही अंदाजाने वाढवू नकोस, त्यांना आंबटपणा नाही.
उलटी बरणी विसर. तळाला फडकं घालून बरण्या पातेल्यात उभ्या कर, झाकणांवर इंचभर पाणी, आणि खळखळ उकळी आल्यापासून कृतीत असतील तेवढी मिनिटं. रेलिशला बहुधा १० ते १५. आपण समुद्रसपाटीला, म्हणून तेवढ्यात भागतं. महाबळेश्वरला वेळ वाढवावा लागेल.
फोडणी ताटात वाढताना. बरणीत तेल नको.

डोंबिवली फास्ट
जॅमच्या रिकाम्या बरण्या चालतील?

पार्ल्याची काकू
काचेला तडा नसेल, काठ टवका गेलेला नसेल तर चालवतात. झाकण मात्र नवं. आतली रबरी कड एकदा दबली की पुन्हा तशी बसेलच असं नाही.

गिरगावची सून
काकू, घरातल्या व्हिनेगरवर आम्लता ४ टक्के लिहिलंय.

पार्ल्याची काकू
बरण्या फ्रीजबाहेर ठेवायच्या कृती ५ टक्क्यांवर बेतलेल्या असतात. ५ टक्क्यांचं मिळालं तरच बाहेर ठेव. नाहीतर दोनच बरण्या कर आणि फ्रीजमध्ये दह्याशेजारी जागा कर.

गिरगावची सून
म्हणजे सासूबाईंशी बोलणं आलं. त्यापेक्षा व्हिनेगर शोधते.