मदत हवी आहे: कार्डावर अफगाण, अफगाणी की अफगाणिस्तानी?

नमस्कार मंडळी, जरा घाईत लिहितोय. पुण्यात आमच्या कॉलेजात परदेशी मुलांचा कार्यक्रम आहे, प्रत्येकाच्या गळ्यात नावाचं कार्ड, संध्याकाळी प्रिंटिंगला द्यायचंय. अफगाणिस्तानच्या मुलांच्या नावाखाली मी सरळ 'अफगाणी' टाकलं. कंदाहारचा पश्तून मुलगा हसायलाच लागला, म्हणे अफगाणी म्हणजे आमचा पैसा, मी काय नोट आहे का, 'अफगाण' लिही. लिहिलं. तर गझनीच्या हजारा जमातीतल्या मुलाने माझ्याच हातातलं पेन घेऊन ते खोडलं आणि शेजारी 'अफगाणिस्तानी' केलं, तोंडातून चकार शब्द नाही. आणि हे दोघं रूममेट आहेत बरं का, एकाच पातेल्यातला पुलाव खातात!

थोडं वाचलं तर कळलं की अफगाण म्हणजे जुन्या वापरात पश्तूनच (आपल्या बखरीतले गिलचे पण त्यांच्यातलेच). पण २००४ च्या राज्यघटनेत चौदा जमाती नावानिशी मोजून मग प्रत्येक नागरिक अफगाण असं लिहिलं होतं, १९६४ च्या घटनेतही होतंच की. मग अजून दुखतंय कुठे? आणि 'अफगाणिस्तानी' छापलं तर पश्तून मुलाला राग येईल का?

प्रतिसाद १: कागदावर सगळे अफगाण, पण १८९१ ते ९३ मध्ये तिथला राजा अमीर अब्दुर रहमानने हजारा लोकांना चिरडलं, जमिनी काढून पश्तूनांना दिल्या, ते घराघरात सांगितलं जातं. त्यात २००४ च्या घटनेतच राष्ट्रगीत पश्तोत, म्हणजे पश्तूनांच्या भाषेत, हवं असं कलम होतं. ई-तज्किरा म्हणजे त्यांच्या ओळखपत्रावर 'अफगाण' छापायचं की नाही यावर वर्षानुवर्षं भांडण, २०१८ मध्ये तेव्हाचे अध्यक्ष अश्रफ घनींनी पहिलं कार्ड घेतलं तेव्हा सरकारातले त्यांचेच भागीदार अब्दुल्ला अब्दुल्ला विरोधात होते. उलट बऱ्याच पश्तूनांना 'अफगाणिस्तानी' म्हणजे देश फोडायची भाषा वाटते. तू कशाला मध्ये पडतोस, नुसतं देशाचं नाव टाक.

मूळ लेखक: धन्यवाद, सगळ्यांच्या कार्डावर 'अफगाणिस्तान' केलं, दोघंही काही बोलले नाहीत. पण आत्ताच समितीतले सर म्हणतायत बाजूला झेंडा पण हवा, आणि नेटवर शोधलं तर काळा-लाल-हिरवा पण येतो आणि तालिबानचा पांढरा पण. कोणी जागं आहे का, प्रिंटवाला सहाला बंद करतो.