मदत हवी आहे: हीट पंपच्या रिबेटचा फॉर्म परत आलाय

नमस्कार मंडळी, मॅसॅच्युसेट्समध्ये कोणी मॅस सेव्हचा (राज्यातल्या वीज-गॅस कंपन्यांची ऊर्जा बचत योजना) हीट पंप (विजेवर घर गरम-गार करणारं यंत्र) रिबेट घेतलाय का? आमचं घर जुनं, ऑइलवर चालणारं हीटिंग होतं, ते काढून २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये ३ टनांचा हीट पंप बसवला, टनाला ३,००० डॉलर म्हणजे ९,००० मिळायला हवेत. त्याआधी घराचं फुकट एनर्जी असेसमेंट (ऊर्जा वापराची तपासणी) झालं तेव्हा माळ्यावर नॉब अँड ट्यूब वायरिंग सापडलं (चिनी मातीच्या गुंड्यांवरून नेलेल्या जुन्या तारा, त्या असतील तर वर इन्सुलेशन टाकत नाहीत), ते बदलण्यातच दोन महिने आणि बराच पैसा गेला.

आता फॉर्म परत आलाय कारण बिलावर एएचआरआय नंबरच (आतल्या-बाहेरच्या युनिटच्या जोडीचा प्रमाणपत्र क्रमांक) नाही आणि आतल्या युनिटचं मॉडेलही चुकीचं लिहिलंय. कॉन्ट्रॅक्टर फोन उचलत नाही, पूर्ण पैसे घेऊन बसलाय. युनिटवरच्या लेबलचे फोटो आणि एएचआरआयच्या साइटवरून काढलेलं सर्टिफिकेट मी स्वतः जोडलं तर चालतं का, की दुरुस्त केलेलं बिलच लागतं?

अजून एक, अमेरिकेच्या केंद्र सरकारचा ३० टक्के टॅक्स क्रेडिट (करातली थेट सूट, २०२५ अखेरपर्यंत बसवलेल्या हीट पंपला जास्तीत जास्त २,००० डॉलर) घेताना हा रिबेट खर्चातून वजा करावा लागतो ना, मग तो अजून हातात आलाच नसेल तर काय करायचं? ज्यांनी हे केलंय त्यांनी प्लीज सविस्तर सांगा, या पैशांच्या भरवशावरच आम्ही कर्ज काढलंय.